बर्फावरच्या गिरकीचं गणित

● फिगर स्केटिंगमध्ये हात छातीशी घेतले की गिरकीचा वेग वाढतो, पसरले की उतरतो; कोनीय संवेग जवळपास तेवढाच राहतो.

● पाय बर्फावरून सुटल्यावर हा संवेग वाढवता येत नाही. त्यामुळे फिरकी उडी घेतानाच मिळवावी लागते.

● सहा मुख्य उड्यांपैकी फक्त ॲक्सेल समोर तोंड करून घेतात. उतरायचं मात्र पाठमोरं, म्हणून अर्धा फेरा जास्त. साडेचार फेऱ्यांची ॲक्सेल स्पर्धेत प्रथम साधली अमेरिकेच्या इलिया मालिनिननं, सप्टेंबर २०२२ मध्ये.

● भोवळ येऊ नये म्हणून बॅले नर्तक गिरकी घेताना एका बिंदूवर नजर रोखून मान झटक्यात वळवतात. स्केटरच्या वेगात ते शक्य नसतं. त्यांची भोवळ सरावानं कमी होते.