कुलपातली मराठी

मुखेडच्या दशरथेश्वराच्या देवळात हात फिरवून पाहावा असा चालुक्यकालीन दगड अजून उभा आहे. होट्टलला, औंढ्याला, मराठवाड्यात ठायी ठायी त्या शतकांचं कोरीव काम सापडतं. पण दगड फोडणारे पाथरवट आणि त्यांची भाकरी घेऊन येणाऱ्या बाया आपसात बोलत कशा, हे काही तो दगड सांगत नाही. यादवकाळातली चालतीबोलती मराठी टिकली ती एका पंथाच्या पोथ्यांत. त्या पोथ्या सहाएकशे वर्षं बाहेरच्या कुणाला वाचता येऊ नयेत, अशी तजवीजही त्याच पंथाने केली होती.

पंथ महानुभावांचा. नांदेड जिल्ह्याच्या उत्तर टोकाला माहूर आहे, ते त्यांचं मोठं ठिकाण. पंथ ज्या पाच अवतारांना, पंचकृष्णांना, भजतो त्यांपैकी दत्तात्रेय प्रभूंचं. आपल्याकडे माहूर म्हटलं की रेणुकामाता आठवते, पंथाच्या देवदेवेश्वर मंदिराकडे पाय वळतात ते बहुधा ‘दंडवत प्रणाम’ म्हणणाऱ्या महानुभावांचे.

पंथाचे प्रवर्तक चक्रधर स्वामी मूळचे गुजरातेतले, भडोचचे, पण निरूपण केलं मराठीत. 1274 च्या सुमारास ते उत्तरेकडे निघून गेले आणि मागे राहिलेल्यांना ध्यास लागला तो त्यांच्या शब्दांचा. विदर्भातल्या ऋद्धिपुरात त्यांचे अनुयायी म्हाइंभट यांनी आठवणी जमवायला घेतल्या. हा माणूस मोठा शास्त्री. संस्कृतात लिहिता तर पंडितांत मान मिळाला असता. त्याऐवजी तो स्वामींचे शिष्य नागदेवाचार्य यांना खोदून खोदून विचारत बसला. स्वामी कुठे होते, समोर कोण होतं, कुणी काय विचारलं? ज्याने पाहिलं, ऐकलं त्याला गाठायचं आणि त्याच्या तोंडचंच घ्यायचं. 1278 च्या आसपास त्यातून ‘लीळाचरित्र’ उभं राहिलं. त्यात तत्त्वज्ञान आहेच. पण मला भुरळ पडते ती जेवणाखाणाची, रुसव्याफुगव्यांची. पारध्यांच्या कुत्र्यांपुढून पळालेला ससा स्वामींच्या मांडीखाली शिरतो तो प्रसंग वाचताना माणसांचं बोलणं कानावर पडतं. ध्वनिमुद्रणाचं यंत्र यायला सहाशे वर्षं अवकाश होता. तोवर हे काम म्हाइंभटांच्या बोरूने केलं.

पुढे पंथातल्याच केशिराजांनी स्वामींची वचनं वेगळी काढून सूत्रपाठ सिद्ध केला, 114 दृष्टांतांचा दृष्टांतपाठ केला. ‘स्थानपोथी’त तर स्वामी कोणत्या गावी, कोणत्या देवळात राहिले, दार कुठल्या दिशेला होतं, कुठे बसले, कुठे निजले, याची नोंद आहे. त्या जागांवर ओटे बांधले गेले. स्पर्श झालेले दगड ‘विशेष’ म्हणून वस्त्रात गुंडाळून ठेवले, वंदले.

मग सुलतानी आली. देवगिरीवरच्या स्वारीनंतरच्या धामधुमीत मूळ पोथी गेली, असं पंथाची परंपरा सांगते. तेव्हा उपयोगी पडलं ते पाठांतर. हिराइसा या साधक स्त्रीच्या मुखोद्गत असलेल्या पाठावरून एक परंपराच चालली. ‘हिराइसा पाठ’ हे नाव आजही अभ्यासक घेतात. लिहिलेलं हरवलं आणि एका बाईच्या कंठात ते शाबूत राहिलं!

पोथ्या बाहेरच्यांना वाचता येऊ नयेत म्हणून चौदाव्या शतकात रवळोबासांनी, म्हणजे माहूरच्या दत्तात्रेयांवर ‘सह्याद्रिवर्णन’ रचणाऱ्या कवीने, सकळ ही सांकेतिक लिपी घडवली. युक्ती साधी: अक्षराच्या जागी ठरवून दिलेलं दुसरं चिन्ह. मागाहून सुंदरी, आकड्यांवर चालणारी अंकलिपी, अशा कितीतरी निघाल्या. पोथी हाती लागली तरी किल्ली गुरूकडे.

या गुप्ततेने पंथाचं नुकसान झालं, यात शंका नाही. बंद दाराआड काय चालतं याच्या कंड्या पिकल्या, महानुभाव म्हणजे काहीतरी भलतंच, असा गावोगाव ग्रह झाला. पण भाषेच्या बाजूने पाहिलं तर वेगळं दिसतं. ज्ञानेश्वरी लोकांत फिरली, हातोहात उतरली गेली, पाठ इतके बिघडले की 1584 मध्ये एकनाथांना शुद्ध प्रत तयार करावी लागली. महानुभावांच्या पोथ्यांतही पाठभेद आहेत, भरपूर आहेत. पण वाटेत येईल त्या लेखनिकाला ती भाषा आपल्या काळाची करून टाकायची मोकळीक नव्हती. पंथ पंजाबात, पेशावरपर्यंत गेला, आणि तिथल्या मठांतही पोथ्या मराठीच राहिल्या.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य राजवाड्यांनी सकळ लिपी उलगडली. काही महंतांनीही मग विश्वासाने पोथ्या दाखवल्या. वि. ल. भाव्यांनी ‘महाराष्ट्र सारस्वता’त हे वाङ्मय आणलं, यवतमाळच्या य. खु. देशपांड्यांचा ‘महानुभावीय मराठी वाङ्मय’ हा ग्रंथ 1925 मध्ये निघाला, ह. ना. नेन्यांनी लीळाचरित्र छापलं. मराठी गद्याचा आरंभच मागे सरकला. आता ऋद्धिपुरात मराठी भाषा विद्यापीठ झालं आहे.

तरी सगळं मिटलं असं नाही. वि. भि. कोलत्यांनी अनेक प्रती ताडून सिद्ध केलेलं लीळाचरित्र 1978 मध्ये सरकारच्या साहित्य संस्कृती मंडळाने काढलं, तेव्हा त्यातल्या काही लीळांवर सर्वांत तीव्र आक्षेप घेतला तो पंथीयांनीच.