कमी दाखवून अधिक जाणवू देणारे व्हिडिओ गेम

मोठ्या व्हिडिओ गेमच्या निर्मितीसाठी आज शेकडो कलाकार आणि तंत्रज्ञ अनेक वर्षे काम करतात. दुसरीकडे, मोजक्या माणसांनी तयार केलेले आणि रंग, संवाद व सूचना जवळजवळ टाळणारे काही छोटे गेम खेळाडूंच्या दीर्घकाळ स्मरणात राहतात. आवश्यक तेवढेच ठेवून बाकीचे वगळण्याच्या या रचनापद्धतीला ‘मिनिमलिझम’ म्हटले जाते. कमी पैशांमुळे आलेली अपरिहार्यता म्हणून तिच्याकडे अनेकदा पाहिले जाते. प्रत्यक्षात वगळलेल्या प्रत्येक घटकाचे काम दुसऱ्या कशावर तरी सोपवावे लागते. ते कशावर सोपवले, यावर अशा गेमचे यशापयश अवलंबून असते.

वजाबाकीची पद्धत

या विचाराचा ठळक नमुना म्हणजे जपानी रचनाकार फुमितो उएदा यांचा ‘इको’. १९९७ मध्ये काम सुरू झालेला हा गेम २००१ मध्ये ‘प्लेस्टेशन २’वर आला. ओसाड किल्ल्यात अडकलेला शिंगे असलेला मुलगा एका मुलीचा हात धरून बाहेर पडण्याची वाट शोधतो, एवढेच त्याचे कथानक. शिल्लक शक्ती दाखवणारी पट्टी पडद्यावर नसते आणि शत्रूंचे प्रकारही थोडेच असतात. मुख्य कल्पनेला उपयोगी नसलेले सारे काढून टाकण्याच्या उएदा यांच्या या पद्धतीला ‘वजाबाकीची रचना’ असे नाव मिळाले. किल्ल्यातील रितेपण आणि हातात धरलेला हात या दोनच गोष्टी उरल्यामुळे खेळाडूचे सारे लक्ष त्यांच्यावर केंद्रित होते.

‘लिम्बो’तील अंधार

डेन्मार्कमधील ‘प्लेडेड’ या कंपनीचा ‘लिम्बो’ २०१० मध्ये प्रसिद्ध झाला. त्याचे दिग्दर्शक आर्न्ट येन्सेन यांनी मोठ्या गेम कंपनीतील नोकरी सोडून २००६ मध्ये डिनो पॅटी यांच्यासह ही कंपनी स्थापन केली होती. हरवलेल्या बहिणीच्या शोधात निघालेला मुलगा केवळ काळ्या छायाकृतीच्या रूपात दिसतो; चमकतात ते फक्त त्याचे डोळे. चालणे, उडी मारणे आणि वस्तू धरून ओढणे यापलीकडे त्याला काही येत नाही. गेममध्ये संवाद नाहीत, गुणसंख्या नाही आणि पुढे काय करायचे हे सांगणारा मजकूरही नाही.

येथे काळा रंग सजावटीसाठी नाही. गवत आणि गवतात दडवलेला सापळा दोन्ही काळेच असल्याने प्रत्येक पाऊल संशयाने टाकावे लागते. मुलगा मरतो, थोडे मागे पुन्हा उभा राहतो आणि त्या मरणातूनच खेळाडू नियम शिकतो. सूचनांचे काम अशा प्रकारे चुकांकडे दिलेले आहे.

ध्वनिरचनाकार मार्टिन स्टिग अँडरसन यांनीही हेच सूत्र पाळले. भावना सुचवणाऱ्या रूढ पार्श्वसंगीताऐवजी त्यांनी वारा, यंत्रांची घरघर आणि दूरचे अस्पष्ट नाद यांतून ध्वनिपट उभा केला. आता घाबरायचे की सुटकेचा निःश्वास टाकायचा, हे संगीत सांगत नाही. त्यामुळे अस्वस्थता टिकून राहते. याच कंपनीच्या २०१६ मधील ‘इनसाइड’साठी त्यांनी काही आवाज खऱ्या मानवी कवटीतून वाजवून ध्वनिमुद्रित केले होते.

वर्तुळ, त्रिकोण आणि शहर

मिनिमलिझम म्हणजे नेहमीच अंधार किंवा शांतता नव्हे. न्यूझीलंडमधील ‘डायनोसॉर पोलो क्लब’च्या ‘मिनी मेट्रो’त (२०१५) स्थानके म्हणजे वर्तुळ, त्रिकोण, चौकोन अशा आकृत्या असतात आणि प्रवासीही त्याच आकारांचे. त्रिकोणी प्रवाशाला त्रिकोणी स्थानक गाठायचे असते. खेळाडूने रंगीत रेषा ओढून मार्ग आखायचे. एखाद्या स्थानकावर गर्दी प्रमाणाबाहेर साचली की खेळ संपतो. हॅरी बेक यांनी तयार केलेल्या आणि १९३३ मध्ये प्रथम प्रसिद्ध झालेल्या लंडनच्या भुयारी रेल्वेच्या नकाशाशी या दृश्यशैलीचे नाते आहे. गेममधील शहरांच्या यादीत मुंबईही आहे. एकाही माणसाचे चित्र नसताना केवळ ठिपक्यांच्या दाटीतून गर्दीचा ताण जाणवतो.

ब्रिटनमधील माइक बिथेल यांच्या ‘थॉमस वॉज अलोन’मध्ये (२०१२) तर सर्व पात्रे साधे आयत आहेत. त्यांना स्वभाव मिळतो तो निवेदनातून. या निवेदनासाठी डॅनी वॉलेस यांना २०१३ मध्ये ‘बाफ्टा’ पुरस्कार मिळाला. चित्रातून काढलेले येथे शब्दांकडे सोपवले आहे.

भाषेची सोय, आकलनाची जोखीम

भारतासारख्या बहुभाषक देशात या रचनेचे आणखी एक महत्त्व आहे. व्हिडिओ गेममध्ये मराठी भाषेचा पर्याय अपवादानेच आढळतो. संवाद आणि मजकूर यांवर बेतलेला गेम इंग्रजी न जाणणाऱ्यास अर्धाच कळतो. ‘लिम्बो’ची कथा मात्र कोणत्याही भाषकाला सारखीच उलगडते. भाषांतराचा खर्च वाचत असल्याने छोट्या निर्मात्यांनाही दूरच्या खेळाडूंपर्यंत पोहोचता येते.

मात्र या पद्धतीत जोखीम आहेच. सूचना नसल्याने काही खेळाडू गोंधळतात, तर वारंवार मरून शिकणे काहींना जाचक वाटते. ‘लिम्बो’ अवघ्या काही तासांत संपत असल्याने त्याच्या किमतीवरही टीका झाली होती. सारा अर्थ रंगावर सोपवला तर रंगांधळ्या खेळाडूंची अडचण होते. म्हणूनच ‘मिनी मेट्रो’त त्यांच्यासाठी वेगळी सोय द्यावी लागली. एक घटक वगळला की उरलेल्यांवरचा भार वाढतो. तो भार कोण उचलणार याचे उत्तर रचनेत नसेल, तर साधेपणा आणि अपुरेपणा यांत खेळाडूला फरक दिसत नाही.