मोतीबिंदूचं ऑपरेशन, नवीन भिंग आणि गोल्फचा बॉल

ज्यांना लोकलच्या गर्दीत एपिसोड ऐकता आला नाही, त्यांच्यासाठी हा लिहून काढलेला भाग. बोलताना झालेले ‘म्हणजे’, ‘अॅक्च्युअली’ थोडे कमी केलेत, सगळे नाही.

आजचा विषय आहे मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर परत गोल्फ खेळायला लागणं. ‘आमच्या घरात कोण गोल्फ खेळतं’ म्हणून स्किप करू नका. गोल्फच्या जागी बॅडमिंटन ठेवा, कॅरम ठेवा, स्कूटर ठेवा, गणित बरंचसं तेच राहतं. आणि ऑपरेशनच्या आधी डॉक्टरांसमोर बसून प्रश्न विचारायची वेळ बहुतेकदा आपल्या पिढीवरच येते.

आमच्या घरात गोल्फ खेळतो तो मामा. वय ६७, लष्करातून निवृत्त, पुण्यात कॅम्पात राहतो. दोन वर्षांपूर्वी त्याने हळूहळू खेळायला जाणं बंद केलं. कारण काय, तर ‘गुडघे’. खरं कारण वेगळं होतं. बॉल मारला की तो कुठे गेला हे त्याला दिसायचंच नाही, आणि दर वेळी कॅडीला विचारायची लाज वाटायची. सकाळचे चार मित्र, चहा, थट्टामस्करी, सगळं सुटलं. गंमत म्हणजे त्याच काळात तो पेपर चष्म्याशिवाय वाचायला लागला होता आणि सगळ्यांना अभिमानाने सांगत होता की नजर सुधारली! मोतीबिंदूच्या एका प्रकारात असं होतं. भिंगाचा गाभा घट्ट होतो, प्रकाश जास्त वळवतो, डोळ्याला मायनस नंबर येतो. म्हणून जवळचं दिसायला लागतं आणि लांबचं जातं.

आता तक्त्यावरची अक्षरं वाचायला लावली तर मामा बरीच खाली यायचा. मग बॉल का दिसत नव्हता? तक्ता म्हणजे पांढऱ्यावर काळं, पूर्ण कॉन्ट्रास्ट. ढगाळ आकाशात उडणारा पांढरा बॉल म्हणजे पांढऱ्यावर पांढरं. त्या बॉलचा व्यास जेमतेम ४२.६७ मिलिमीटर, तोही दीडशे मीटर लांब. फोनच्या कॅमेऱ्यावर तेलकट बोट फिरवून फोटो काढा. मेगापिक्सेल तेवढेच असतात, पण फोटो धुरकट येतो. मोतीबिंदूत तेच होतं. गढूळ भिंग प्रकाश विखुरतं आणि कॉन्ट्रास्ट खातं. ग्रीनवरचे बारीक चढउतारही त्यामुळेच सपाट दिसतात.

ऑपरेशनमध्ये ते भिंग अल्ट्रासाउंडने फोडून ओढून घेतात आणि त्याच पिशवीत घडी घातलेलं कृत्रिम भिंग सोडतात. छेद तीन मिलिमीटरपेक्षाही लहान असतो, सहसा टाकाही लागत नाही. हे भिंग आलं कुठून, ती गोष्ट भारी आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश वैमानिकांच्या डोळ्यात कॉकपिटच्या पारदर्शक प्लास्टिकचे तुकडे घुसायचे. हॅरॉल्ड रिडली या डॉक्टरांच्या लक्षात आलं, की हे तुकडे आत राहिले तरी डोळा खवळत नाही. १९४९ मध्ये त्यांनी लंडनच्या सेंट थॉमस हॉस्पिटलमध्ये तशाच प्लास्टिकचं भिंग पहिल्यांदा माणसाच्या डोळ्यात बसवलं.

मात्र साधं कृत्रिम भिंग म्हणजे फिक्स्ड फोकस. ऑटोफोकस नाही. कुठल्या अंतराला फोकस लावायचा हे आधीच ठरवावं लागतं, आणि भिंग बदलणं म्हणजे पुन्हा ऑपरेशन. आमची खरी झटापट इथे झाली. जिथे तपासणी केली तिथल्या काउन्सेलरने मामाला महागडं मल्टिफोकल भिंग जवळजवळ गळ्यातच मारलं होतं. ‘चष्मा कायमचा जाणार, सर!’ मामा गोल्फ खेळतो, हे तिने विचारलंच नाही.

मग मी कागद घेतला. डायॉप्टर म्हणजे १ भागिले मीटरमधलं अंतर, बस. बॉलसमोर उभं राहिल्यावर डोळ्यापासून बॉल साधारण १.६ मीटरवर असतो, म्हणजे ०.६ डायॉप्टर. स्कोअरकार्ड ४० सेंटिमीटरवर, म्हणजे २.५. भिंग लांबच्या नजरेसाठी लावलं तर उडता बॉल आणि झेंडा स्वच्छ दिसणार, पायाशी असलेला बॉल अगदी किंचित मऊ दिसणार, आणि स्कोअरकार्डला वाचायचा चष्मा लागणार. चालतंय की! मल्टिफोकल भिंग येणारा प्रकाश दोन-तीन अंतरांमध्ये वाटून टाकतं. त्यामुळे कॉन्ट्रास्ट थोडा कमी होतो आणि रात्री दिव्यांभोवती वलयं दिसू शकतात. ज्याला चष्म्याचाच वैताग आहे त्याच्यासाठी ते उत्तम. पण मामाचं दुखणंच कॉन्ट्रास्टचं होतं. डॉक्टरांसमोर हे मांडल्यावर त्यांनी लगेच साधं, लांबच्या नजरेचं भिंग लिहिलं. सिलिंड्रिकल नंबर जास्त असता तर त्यातलंच टोरिक घेतलं असतं.

आणखी एक पर्याय असतो, एक डोळा लांबचा आणि एक जवळचा. चष्मा कमी लागतो, पण दोन डोळ्यांनी मिळून खोलीचा जो अंदाज येतो तो ढिला पडतो. पटिंग करणाऱ्याने हे घेताना दहादा विचार करावा, असं माझं मत.

आता खेळायला कधी? दुखत नाही, दुसऱ्या दिवशी लख्ख दिसतं, म्हणून पाचव्या दिवशी मामा किट बॅग पुसत बसला होता. भिंग स्विंगने निखळून पडेल ही भीती खोटी आहे, ते पिशवीत नीट अडकलेलं असतं. काळजी जखमेची असते. टाका नसला तरी ती झडपेसारखी आपोआप मिटते, पण पक्की व्हायला आठवडे लागतात. तोपर्यंत घाम, धूळ, बंकरमधली वाळू आणि सवयीने डोळा चोळणं हे खरे शत्रू. दहा-बारा किलोची बॅग श्वास रोखून उचलली की डोळ्यातला दाबही वाढतो.

मामाला मिळालेलं वेळापत्रक असं: पहिला आठवडा फक्त चालणं, मग तपासणी. ती ठीक निघाली तर पटिंग. दोन आठवड्यांनंतर छोटे शॉट. महिन्याने पूर्ण स्विंग, बंकर सगळ्यात शेवटी. बॅग कॅडीकडे, बॉल उचलायलाही त्यालाच वाकायला सांगायचं. डोळ्यावर गॉगल. ड्रॉप्स महिनाभर, एकही न चुकवता. तुमच्या घरच्यांचं वेळापत्रक वेगळं असू शकतं, ते त्यांच्या डॉक्टरांकडूनच घ्या. पण एक गोष्ट सगळ्यांना सारखी. दुखणं किंवा लाली वाढायला लागली, नजर पुन्हा खाली गेली, विजा चमकल्यासारखं किंवा पडदा आल्यासारखं दिसलं, तर ‘सकाळी बघू’ नाही. त्याच दिवशी, रात्र असली तरी, डॉक्टर गाठायचे. आत जंतुसंसर्ग झाला किंवा दृष्टिपटल सुटलं तर तासांना किंमत असते.

सगळ्यात चिडचिड झाली ती दोन ऑपरेशनांच्या मधल्या चार आठवड्यांत. एक डोळा नवा, दुसरा मायनसवाला. खोलीचा अंदाज पार बिघडला. मामाचे पट भोकाच्या मीटरभर पुढे जायचे, आणि ‘आपला खेळ संपला’ म्हणून तो दोन दिवस बोललाच नाही. खेळ वगैरे काही संपला नव्हता. मेंदूला दोन वेगळी चित्रं जुळवता येत नव्हती, एवढंच. दुसरा डोळा झाल्यावरही बॉल आधीपेक्षा किंचित मोठा दिसायला लागला, कारण मायनसचा चष्मा वस्तू लहान करून दाखवतो आणि तो आता नव्हता. जुना पिवळट गाळ गेल्यामुळे आकाशही निळंशार दिसतं. या नव्या मापांची सवय व्हायला काही आठवडे द्यावे लागतात.

नंतरच्या चष्म्यात एक खोच आहे. वाचायला सोयीचा म्हणून प्रोग्रेसिव्ह चष्मा देतात. त्याचा खालचा भाग ४० सेंटिमीटरसाठी असतो. खेळताना नजर खाली गेली की बॉल नेमका त्या भागातून दिसतो आणि चांगलाच धूसर होतो. मग माणूस हनुवटी छातीला टेकवतो, खांदे वळत नाहीत आणि स्विंगचा बट्ट्याबोळ. मैदानावर प्रोग्रेसिव्ह घालायचा नाही. वाचायचा चष्मा खिशात ठेवायचा.

आणि समजा काही महिन्यांनी किंवा वर्षांनी पुन्हा धुरकट दिसायला लागलं, तर ‘मोतीबिंदू परत आला’ असं कोणी म्हणेल. तो परत येत नाही. भिंगामागची पिशवी गढूळ होते. ओपीडीत काही मिनिटांच्या लेझरने तिला मधोमध खिडकी पाडतात.

मामा सध्या कॅडीशी भांडतो, बॉल कुठे पडला यावरून. तुमचे प्रश्न व्हॉइस नोटने पाठवा, पुढच्या वेळी मामालाच माइकसमोर बसवतो.