एवढासा देश, केवढं गणगोत!

मेक्सिको सिटीत संध्याकाळ झाली की रस्त्यारस्त्यावर उभ्या सळया फिरू लागतात. सळईवर मांसाचे पातळ काप एकावर एक रचलेले असतात. मिरच्या आणि अचिओते नावाच्या लाल बिया वाटून लावल्यामुळे ते लालभडक दिसतात आणि शेजारच्या जाळावर हळूहळू भाजत राहतात. गिऱ्हाईक आलं की विक्रेता लांब सुरीनं सपासप काप काढतो आणि मक्याच्या छोट्या पोळीवर झेलतो. मग सगळ्यात वर खोचलेल्या अननसाला सुरीचा एक झटका देतो. अननसाचा तुकडा उडतो आणि बरोब्बर पोळीत येऊन पडतो!

हा ‘ताको अल पास्तोर’, मेक्सिकोचा लाडका खाऊ. पण ही फिरती सळई तुम्ही आणखी कुठं पाहिली आहे? बरोबर, आपल्याकडच्या शोरमाच्या गाडीवर! मेक्सिकोत ही सळई पोचवली ती लेबनॉन आणि आसपासच्या अरब मुलखातून आलेल्या माणसांनी. त्यांच्या गावी सळईवर मेंढीचं मांस असायचं आणि ते रोटीत गुंडाळायचे. मेक्सिकोत मेंढीच्या जागी डुकराचं मांस आलं, रोटीच्या जागी मक्याची पोळी आली, मसाल्यात तिथल्या मिरच्या आल्या आणि वर अननस चढला. सळई मात्र तशीच फिरत राहिली.

पण ही माणसं घरदार सोडून इतक्या लांब गेली तरी का?

किड्यांवर चालणारी गावं

नकाशात भूमध्य समुद्राचा पूर्वेकडचा किनारा शोधा. तिथं एक चिंचोळी पट्टी दिसेल. तोच लेबनॉन. हा अख्खा देश जवळजवळ आपल्या सातारा जिल्ह्याएवढा आहे, म्हणजे साधारण साडेदहा हजार चौरस किलोमीटर. त्याच्या झेंड्यावर एक हिरवं झाड आहे. ते देवदाराच्या जातीतलं, तिथल्या उंच डोंगरांवर वाढणारं.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला या डोंगरांच्या उतारावर पायऱ्यापायऱ्यांची शेतं होती आणि त्यांत तुतीची झाडं. तुतीचा पाला खातात रेशमाचे किडे. खाऊन खाऊन गलेलठ्ठ झालेला किडा तोंडातून बारीक धागा सोडतो आणि स्वतःभोवती कोष विणतो. कोष गरम पाण्यात टाकले की धाग्यांना चिकटवून ठेवणारा डिंक सैल होतो आणि धागा उलगडता येतो. लेबनॉनचं हे रेशीम जहाजातून फ्रान्सला जायचं. कित्येक घरांची चूल त्यावर पेटायची.

मग १८६९ साली सुएझ कालवा खुला झाला. चीन आणि जपानचं रेशीम या जवळच्या वाटेनं युरोपात झटपट पोचू लागलं. भाव पडले. डोंगरात जमीन कमी, खाणारी तोंडं जास्त. १८६० साली तिथं मोठी दंगल होऊन गेली होती, तिच्या जखमाही ताज्या होत्या. मग तरुण मुलं बैरूतच्या बंदरावर जहाजात बसू लागली. कुणी मेक्सिकोला गेलं, कुणी ब्राझीलला, कुणी अर्जेंटिनाला, कुणी अमेरिकेला, कुणी ऑस्ट्रेलियाला, तर कुणी पश्चिम आफ्रिकेला. पुढं पहिल्या महायुद्धात टोळधाड आणि भयंकर दुष्काळ आला. १९७५ ते १९९० यादवी युद्ध झालं. दर संकटात माणसं बाहेर पडत राहिली. आज लेबनॉनमध्ये जेवढे लोक राहतात, त्यांच्याहून जास्त लेबनॉनी वंशाचे लोक देशाबाहेर आहेत!

पाठीवरचं दुकान

परक्या देशात भाषा येत नाही, ओळख नाही, हातात पैसा नाही. मग करायचं काय? बरेच जण फेरीवाले झाले. पाठीवर पेटी, पेटीत सुया, दोरे, फिती, कंगवे आणि कापड. ब्राझीलमध्ये ते लांबलांबच्या मळ्यांवर चालत जायचे आणि दारोदार माल विकायचे. त्या काळी लेबनॉन तुर्की ऑटोमन साम्राज्यात होता, म्हणून त्यांच्या कागदपत्रांवर तुर्की शिक्का असायचा. झालं! तिकडचे लोक त्यांना सरसकट ‘तुर्को’ म्हणू लागले. ज्या राजवटीला कंटाळून निघालो, तिच्याच नावानं हाक ऐकायची! किती वाईट वाटत असेल त्यांना.

हळूहळू पेटीचं दुकान झालं. साओ पावलो शहरातला ‘२५ मार्च’ नावाचा रस्ता लेबनॉनी आणि सीरियन व्यापाऱ्यांच्या कापड दुकानांनी गजबजला. १९२१ साली याच समाजातल्या बायका एकत्र आल्या आणि ज्या शहरानं आपल्याला आसरा दिला त्याच्यासाठी इस्पितळ उभारायचं त्यांनी ठरवलं. आज ‘सिरिओ-लिबानेस’ हे ब्राझीलमधलं एक नावाजलेलं इस्पितळ आहे. आणि फेरीवाल्यांचा ‘किब्बे’? दलिया आणि खिमा एकत्र मळून, आत सारण भरून तळलेला हा पदार्थ आता ब्राझीलमध्ये कोपऱ्याकोपऱ्यावर मिळतो. तो खाणाऱ्या कितीतरी मुलांच्या घरी लेबनॉनशी काहीच नातं नसतं.

आईनं शिकवलेली शिलाई

आता एक गंमत ऐका. १९०८ साली अमेरिकेतल्या लुईझियाना राज्यात लेबनॉनहून आलेल्या एका कुटुंबात मायकेल डबेकी जन्मला. त्याच्या आईचा शिवणकामात हातखंडा होता. तिनं मुलालाही सुई-दोरा धरायला शिकवलं.

मायकेल पुढं हृदयाचा मोठा शल्यविशारद झाला. शरीरातली सगळ्यात मोठी रक्तवाहिनी म्हणजे महाधमनी. ती खराब झाली तर तिथं काय बसवायचं, हा प्रश्न त्याला छळत होता. १९५० च्या दशकात तो नायलॉनचं कापड आणायला दुकानात गेला. नायलॉन संपलं होतं. दुकानदाराकडं डेक्रॉन नावाचं नवं कापड होतं, तेच तो घेऊन आला. बायकोच्या शिलाई मशीनवर त्यानं त्याची नळी शिवली आणि ती रक्तवाहिनीच्या जागी चालते का, हे तपासायला सुरुवात केली. चालली की! डेक्रॉन शरीरात टिकतं आणि हळूहळू शरीराच्या पेशी त्याच्याशी एकजीव होतात. अशा नळ्यांनी पुढं असंख्य माणसांचे जीव वाचले. खुद्द डॉ. डबेकींची महाधमनी वयाच्या ९७ व्या वर्षी फाटली, तेव्हा त्यांनीच शोधलेल्या पद्धतीनं शस्त्रक्रिया करून त्यांना वाचवलं गेलं!

उलट दिशेचा प्रवास

वारसा एकाच दिशेनं जातो असं मात्र समजू नका. लेबनॉनच्या शूफ या डोंगराळ भागात पाहुणा आला की त्याच्यासमोर ‘माते’ येतं. पेल्यात वाळलेली हिरवी पानं, त्यावर गरम पाणी आणि टोकाला गाळणी असलेली धातूची नळी. हे पेय दक्षिण अमेरिकेचं! अर्जेंटिनाहून परतलेल्या माणसांनी ते आपल्या गावी नेलं आणि तिथं ते असं रुजलं की आता घरचंच वाटतं.

साहित्याचंही तसंच. लेबनॉनमधल्या ब्शर्री गावचा कवी खलील जिब्रान १८९५ साली, बाराव्या वर्षी, आई आणि भावंडांबरोबर बोस्टनला गेला. १९२० च्या दशकात न्यूयॉर्कमध्ये त्यानं आणि त्याच्या मित्रांनी लेखणी संघ नावाचं लेखक मंडळ चालवलं. अमेरिकेत बसून लिहिलेल्या त्यांच्या अरबी कवितांनी मायदेशाची कविता बदलून टाकली. जिब्रानच्या रूपककथा वि. स. खांडेकरांनी मराठीत आणल्या, म्हणजे हा प्रवास तुमच्या-आमच्या पुस्तकांच्या कपाटापर्यंत येऊन पोचला आहे.

परदेशातल्या लेबनॉनी घरांत आज नातवंडांना अरबी येतेच असं नाही. पण लग्नात ‘दब्के’ सुरू झालं की सगळे हातात हात गुंफून रांग धरतात आणि जमिनीवर ठेक्यात पाय आपटतात. असं सांगतात की पूर्वी डोंगरातल्या घरांची मातीची धाबी पावसाआधी घट्ट करायला शेजारी जमायचे आणि पायांनी तुडवायचे. त्यातूनच हे नृत्य आलं. मातीची धाबी कधीच गेली, पण एकत्र येऊन ठेका धरणं टिकलं.

मला यातून एक गोष्ट पक्की पटली आहे. वारसा कडीकुलपात ठेवून टिकत नाही. तो रोज वापरला, शेजाऱ्याला वाढला, नव्या मातीत थोडा बदलू दिला, की टिकतो. कोकणातून इस्रायलला गेलेले बेने इस्रायली ज्यू तिथं आजही पोहे-खोबऱ्याचा मलिदा करतात, तेही असंच.

तर दोस्तांनो, या सुट्टीत एक काम करा. आजी-आजोबांना विचारा: आपलं घराणं मूळचं कुठलं? तिथून येताना काय बरोबर आणलं, आणि इथं आल्यावर त्यात काय बदललं? एखादा पदार्थ, गाणं, सण, हातातली कला, काहीही चालेल. सगळं वहीत लिहून ठेवा आणि त्यातली निदान एक गोष्ट स्वतः करायला शिका.