सह्या छप्पन्न (लेखांक १९) : सुरुवात आठव्या महिन्यापासून

अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर सही करणाऱ्या सीझर रॉडनीची रात्रीची घोडदौड आज सांगतो म्हणालो होतो. ती एक आठवडा पुढे ढकलतो, कारण सांगलीच्या एका वाचक भगिनींचं पत्र आलंय. त्या विचारतात, ‘‘इतके आठवडे तुम्ही या लोकांच्या सभा, ठराव आणि भांडणं सांगताय. यांच्या घरांत लेकरं होती ना? ती कशी वाढवायची यावर कुणी काही लिहिलंय का?’’

लिहिलंय, आणि लिहिणारा माझा फार आवडता माणूस आहे. त्यामुळे आजचा अख्खा लेखांक त्याचा.

जॉन विदरस्पून. जाहीरनाम्यावर सही करणाऱ्या छप्पन्न जणांत त्या वेळी धर्मसेवेत असलेला हा एकटाच पाद्री. डॉ. रशचा लेखांक आठवत असेल. एडिंबरात वैद्यक शिकणारा तरुण रश पेझली गावी जातो आणि एका पाद्र्याच्या बायकोची समजूत काढतो, ती हीच एलिझाबेथ विदरस्पून. समुद्र ओलांडायचा तिने धसका घेतला होता. तिच्याखातर नवऱ्याने न्यू जर्सी कॉलेजचं, म्हणजे आजच्या प्रिन्स्टन विद्यापीठाचं, अध्यक्षपद आधी नाकारलंही होतं. अखेर १७६८च्या ऑगस्टमध्ये कुटुंब अमेरिकेत उतरलं. बाप पंचेचाळिशीचा, सोबत पाच मुलं. झाली होती दहा. उरलेली पाच स्कॉटलंडच्या मातीत राहिली. मुलांना वळण कसं लावावं हे सांगणाऱ्या या माणसाने पाच मुलं पुरली होती, हे त्याची पत्रं वाचताना माझ्या मनातून कधी जात नाही.

मुलांच्या वळणाबद्दलची ही पत्रं १७७५मध्ये फिलाडेल्फियाच्या ‘पेनसिल्व्हेनिया मॅगझीन’मध्ये छापली गेली. त्या वर्षी या मासिकाचं संपादन टॉमस पेन करत होता, तोच आपला लेखांक सहामधला. पहिल्या पत्राची सुरुवात दिलगिरीने होते : लिहीन म्हणालो होतो, फार उशीर झाला. मग पाद्रीबुवा थेट मुद्द्याला हात घालतात. पहिली अट, आई आणि बापाचं एकमत हवं. एकाने रागवायचं आणि दुसऱ्याने जवळ घेऊन पुसायचं, असं जिथे चालतं तिथे पुढचं सगळं फुकट.

दुसरा मुद्दा अधिकाराचा. मुलाला समज आली की मग शिस्त, असं बहुतेक आईबाप धरून चालतात. विदरस्पून म्हणतो, उशीर झाला. सुरुवात आठव्या-नवव्या महिन्यात करा. बाळाच्या हातात काहीतरी असतं. ते शांतपणे काढून घ्यायचं. आवाज चढवायचा नाही, हिसकायचं नाही, पण माघारही घ्यायची नाही. असं वरचेवर करत राहायचं. आईबापांचा शब्द मानायचा असतो हे बाळाच्या अंगवळणी इतक्या लवकर पडतं, की पुढे छडीची वेळ क्वचितच येते. अधिकार लवकर आणि पुरता बसवला तर कठोर व्हावं लागत नाही, हे त्याचं सूत्र.

आठ-नऊ महिने हा आकडा त्याने हवेतून काढलेला नाही. लपवलेली वस्तू बाळ याच सुमाराला शोधू लागतं, हे जाँ पियाजेने विसाव्या शतकात नोंदवून ठेवलं. त्याआधी वस्तू नजरेआड झाली की बाळाच्या लेखी संपली, असं त्याचं म्हणणं. आपलं काहीतरी गेलं, हे कळायला लागण्याचा हाच काळ. दहा मुलांच्या बापाने ते नुसत्या डोळ्यांनी टिपलं असावं. तरी स्पष्ट सांगतो : हा प्रयोग करा, असं मी आजच्या कुठल्याही आईला सांगणार नाही. बाळाच्या हातातलं घेण्यापेक्षा त्याच्या हातात काय द्यावं, याचा विचार मला जास्त मोलाचा वाटतो. या पत्रांत मला धरून ठेवतं ते दुसरंच काही आहे.

अधिकार गमावलेल्या आईबापांचं चित्र तो काढतो. मूल घरातून पळालंय. बाप किंवा आई मागून रस्त्यावर धावतेय, चेहरा लालबुंद, तोंडात शिव्याशाप. आणि येणारेजाणारे आपल्याला शाबासकी देतील, अशी त्यांची समजूत आहे. परवा आमच्या सोसायटीच्या फाटकाशी मी हेच पाहिलं. सात-आठ वर्षांचा मुलगा पुढे, हातात चप्पल घेतलेला बाप मागे. पोरगा रिक्षाच्या आड गेला तसा बाप थांबला आणि त्याने आमच्याकडे पाहिलं. ‘बघा, कसं कार्टं आहे’, अशी ती नजर. मला पेझलीचा पाद्री आठवला. ही नजर त्याने अडीचशे वर्षांपूर्वी कागदावर उतरवली होती.

रागाच्या भरात मुलाला कधीही शिक्षा करू नका, हा त्याच्या पत्रांचा कणा आहे. हात उगारणाऱ्याचा स्वतःवर ताबा नसेल तर त्याचा मुलावरचा अधिकारही तिथेच संपला. घरातला धर्मही त्याला आठ्या घातलेला नको होता. भक्तीला सौजन्याची जोड नसेल तर मुलं दोन्हींपासून दूर जातात, असं त्याचं म्हणणं.

आता राजकारणाकडे येतो. १७ मे १७७६ हा उपवासाचा आणि प्रार्थनेचा दिवस म्हणून पाळला गेला. त्या दिवशी प्रिन्स्टनमध्ये त्याने प्रवचन केलं. विषय : माणसांच्या विकारांवर ईश्वराची सत्ता. आधाराला घेतलेलं स्तोत्रातलं वचन माणसाच्या क्रोधाबद्दलचं. व्यासपीठावर राजकारण आपण पहिल्यांदाच आणतोय, हे त्याने त्याच प्रवचनात सांगून टाकलं. पुढच्याच महिन्यात तो अमेरिकन वसाहतींच्या काँग्रेसमध्ये दाखल झाला आणि १७८२पर्यंत तिथे राबला. ४ ऑक्टोबर १७७७ला जर्मनटाउनच्या लढाईत त्याचा मुलगा जेम्स मारला गेला. तरी बापाने काम सोडलं नाही.

आठव्या महिन्यापासून आज्ञापालन शिकवा म्हणणारा माणूस राजाची आज्ञा मोडायला सही कशी करतो, असा प्रश्न मला एकेकाळी पडायचा. आता पडत नाही. ज्याचा रागावर ताबा नाही त्याने अधिकार गमावला, हे त्याने घराला लावलेलं माप होतं. तेच त्याने राजाला लावलं, असं माझं मत आहे. १७७१मध्ये पदवी घेऊनही त्याच्याकडे हिब्रू शिकायला मागे थांबलेला जेम्स मॅडिसन पुढे सत्तेला सत्तेनेच वेसण घालणारी राज्यघटना घडवायला बसला. त्यात या गुरूचा वाटा आहे, असं मी मानतो.

पण हे माप त्याने सगळीकडे लावलं नाही, आणि ते झाकून ठेवायची माझी इच्छा नाही. १७५६मध्ये स्कॉटलंडमधल्या बीथ गावी त्याने जेमी माँटगोमेरी या गुलाम तरुणाला बाप्तिस्मा दिला, सदाचाराचा दाखलाही दिला. मालकाचा बाप्तिस्म्याला विरोध होता. जेमी पळाला, पकडला गेला आणि खटल्याचा निकाल लागण्याआधीच एडिंबराच्या तुरुंगात मेला. ज्याने हे जवळून पाहिलं त्याच विदरस्पूनने अमेरिकेत स्वतः गुलाम बाळगले. १७९०मध्ये गुलामगिरी तातडीने संपवणारा कायदा न्यू जर्सीला नको, असं मतही दिलं. दुसऱ्याच्या लेकरावर हक्क सांगणारी सत्ता त्याने स्वतःच्या शेतावर चालू दिली. त्याच्या थोरवीवरचा हा डाग धुतला जाणार नाही.

शेवटची दोन वर्षं तो आंधळा होता. १५ नोव्हेंबर १७९४ला प्रिन्स्टनजवळच्या शेतघरात त्याने देह ठेवला.

सांगलीच्या ताईंना माझं उत्तर इतकंच : त्याची खेळणं काढून घ्यायची रीत सोडून द्या. पण राग उतरेपर्यंत मुलाला हात लावायचा नाही, हा त्याचा नियम आजच घरात लावा. रॉडनी घोड्यावर बसून तयार आहे. पुढच्या आठवड्यात तो फिलाडेल्फियाला पोचेलच.