सायकल चोरीला गेली तर पोलीस तपास करणार का? ५,००० रुपयांचं हे गणित आधी समजून घ्या

रात्री सोसायटीच्या पार्किंगमध्ये लावलेली सायकल सकाळी जागेवर नसते. खाली पडलेली असते ती फक्त मधोमध कापलेली केबल. मग वॉचमनला विचारणं, सोसायटीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर फोटो टाकणं, सीसीटीव्हीचं फुटेज मागणं. फुटेजमध्ये तोंडाला रुमाल बांधलेला एक जण दिसतो, अर्ध्या मिनिटात आत येतो आणि आपल्याच सायकलवर बसून निघून जातो.

इथपर्यंतची गोष्ट बहुतेकांना ऐकून माहीत आहे. खरा गोंधळ पुढे, पोलीस ठाण्यात होतो. अनेकांच्या हातात एफआयआरऐवजी 'एनसी'चा कागद पडतो. चोरीसारखी चोरी झाली, मग एनसी कशी काय? याचं उत्तर सायकलच्या किमतीत आहे.

५,००० रुपयांची रेघ नेमकी काय आहे?

१ जुलै २०२४ पासून देशात भारतीय दंड संहितेच्या (आयपीसी) जागी भारतीय न्याय संहिता (बीएनएस) लागू झाली. आधी साध्या चोरीला कलम ३७९ लागायचं आणि वस्तू कितीही रुपयांची असली तरी गुन्हा दखलपात्र असायचा. म्हणजे पोलिसांनी स्वतःहून तपास सुरू करायचा.

आता चोरीसाठी कलम ३०३ (२) आहे. शिक्षा तीन वर्षांपर्यंत, दंड किंवा दोन्ही. मात्र या कलमाला एक पुस्ती जोडली आहे. चोरीच्या मालाची किंमत ५,००० रुपयांपेक्षा कमी असेल, आरोपी पहिल्यांदाच दोषी ठरत असेल आणि त्याने वस्तू किंवा तिची किंमत परत केली, तर त्याला तुरुंगाऐवजी समाजसेवेची शिक्षा होईल. भुरट्या, पहिल्यांदा चुकलेल्या माणसाला तुरुंगात कोंबू नये हा त्यामागचा विचार आहे आणि तो चुकीचा म्हणता येणार नाही.

अडचण आहे ती भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (बीएनएसएस) परिशिष्टात. कोणता गुन्हा दखलपात्र आणि कोणता अदखलपात्र, याचा तक्ता तिथे आहे. ५,००० रुपयांखालची ही चोरी त्यात अदखलपात्र रकान्यात टाकली आहे. अदखलपात्र गुन्ह्याचा तपास मॅजिस्ट्रेटच्या आदेशाशिवाय पोलिसांना करता येत नाही, असं कलम १७४ सांगतं. त्यामुळे ठाणे अंमलदार तक्रार लिहून घेतो, एनसीची प्रत देतो आणि कोर्टात जायला सांगतो. एका सायकलसाठी कोर्टाची पायरी कोण चढणार?

बारा-पंधरा हजारांची गिअरची सायकल असेल तर प्रश्न येत नाही. पण महाराष्ट्रात सायकल सर्वात जास्त कोणाला लागते? कारखान्यात शिफ्टला जाणारा कामगार, पेपर टाकणारा मुलगा, दूधवाला, शाळकरी मुलं. यांच्या सायकली साध्या असतात, बऱ्याचदा जुन्या घेतलेल्या. मानव विकास कार्यक्रमात राज्यातल्या १२५ मागास तालुक्यांत शाळेपासून लांब राहणाऱ्या आठवी ते बारावीच्या मुलींना सायकलसाठी अनुदान मिळतं. २०२२ मध्ये ते ३,५०० वरून ५,००० रुपये करण्यात आलं. म्हणजे सरकार ज्या रकमेत मुलीला सायकल देतं, तीच रक्कम कायद्यातली रेघ आहे. ती सायकल वर्षभर वापरली, की तिची बाजारातली किंमत रेघेच्या खाली जाणार. चोरीला गेली तर त्या मुलीसाठी तो शाळेचा रस्ता असतो, कायद्याच्या तक्त्यात मात्र ती किरकोळ चोरी ठरते.

मग तक्रार करताना काय लक्षात ठेवायचं?

सर्वात आधी शब्द. सायकल 'चोरीला गेली' असंच लिहा, 'हरवली' असं नाही. मोबाइल, कागदपत्रं हरवल्याची नोंद करायला पोलिसांची ऑनलाइन सोय असते आणि घाईत लोक सायकलचीही नोंद तिथेच करून मोकळे होतात. हरवल्याचा दाखला मिळतो, पण त्यात गुन्हाच नसल्याने तपासाचा प्रश्न येत नाही.

दुसरं, किंमत. मूळ बिल जोडा. बिल हरवलं असेल तर ऑनलाइन ऑर्डरचा ईमेल, दुकानदाराकडून बिलाची दुसरी प्रत किंवा यूपीआयची नोंद चालू शकते. सायकलसोबत गेलेली प्रत्येक वस्तू लिहा. पुढचा लाइट, मागचा लाइट, कुलूप, पंप, मोबाइल होल्डर, कॅरिअरला बांधलेली बॅग. कायदा 'चोरीला गेलेल्या मालाची किंमत' म्हणतो, नुसत्या सायकलची नाही. साडेचार हजारांची सायकल आणि हजाराचे लाइट मिळून आकडा रेघेच्या वर जातो. पण खोटा आकडा लिहू नका, तो पुढे तुमच्याच अंगलट येईल.

तिसरं आणि फारसं कोणी न सांगितलेलं म्हणजे जागा. राहत्या इमारतीतून किंवा माल ठेवण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या इमारतीतून झालेल्या चोरीला बीएनएसचं कलम ३०५ आहे. त्यात शिक्षा सात वर्षांपर्यंत आहे, ५,००० रुपयांची अट नाही आणि गुन्हा दखलपात्र आहे. त्यामुळे सायकल रस्त्यावर होती, कंपाउंडमध्ये होती, जिन्याखाली होती की घरासमोरच्या पॅसेजमध्ये, हे तक्रारीत नेमकं लिहा. जिन्याखालची किंवा पॅसेजमधली सायकल असेल तर कलम ३०५ लावण्याची विनंती जरूर करा. उघड्या पार्किंगबाबत मात्र वाद होऊ शकतो.

बाकी नियम सगळ्या गुन्ह्यांसारखेच. चोरी कुठल्याही हद्दीत झाली तरी जवळच्या ठाण्यात झीरो एफआयआर नोंदवता येतो. माहिती ऑनलाइन पाठवली तर तीन दिवसांत जाऊन सही करावी लागते. एफआयआरची प्रत मोफत मिळते. दखलपात्र गुन्हा असूनही नोंद नाकारली, तर पोलीस अधीक्षकांना, शहरात असाल तर उपायुक्तांना, लेखी कळवता येतं आणि तरीही दाद मिळाली नाही तर मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करता येतो.

फ्रेम नंबर: सायकलची आरसी बुक

घरातल्या आजोबांना विचारून बघा, सायकलला पूर्वी नगरपालिकेचा बिल्ला लागायचा. दरवर्षी पैसे भरून पत्र्याचा बिल्ला घ्यायचा आणि हँडलजवळ लावायचा. तो नसेल, किंवा रात्री दिवा नसेल, तर पोलीस हवा सोडायचे. तो कर गेला, बिल्ला गेला आणि त्याबरोबर सायकलची सरकारी नोंदही गेली. मोटार वाहन कायदा सायकलला लागू नाही. २५० वॉटपर्यंतची मोटर आणि ताशी २५ किलोमीटर वेगमर्यादा असलेल्या ई-सायकललाही नोंदणीतून सूट आहे. चाळीस हजारांच्या ई-सायकलला नंबर प्लेट नाही, हे ऐकायला विचित्र वाटतं पण तसंच आहे.

जपानमध्ये सायकलची नोंदणी कायद्याने बंधनकारक आहे आणि प्रत्येक सायकलवर तिचं स्टिकर असतं. फ्रान्समध्ये २०२१ पासून दुकानदाराला ओळख क्रमांक कोरल्याशिवाय नवी सायकल विकता येत नाही. आपल्याकडे उरतो तो कंपनीने फ्रेमवर ठोकलेला नंबर. सायकल उलटी करा, पॅडलचा दांडा जिथून जातो त्या नळीच्या खालच्या बाजूला तो सापडेल. तिथे नसेल तर सीटखालच्या नळीवर किंवा हँडलखालच्या नळीवर बघा. चिखल असेल तर ओल्या फडक्याने पुसा. फोटो काढा आणि स्वतःलाच ईमेल करा, म्हणजे फोन बदलला तरी राहील.

याचा उपयोग चोर पकडल्यावर कळतो. एकाच चोराकडे पंधरा-वीस सायकली सापडल्याच्या बातम्या आमच्या डेस्कवर अधूनमधून येतात. त्या मुद्देमाल म्हणून ठाण्याच्या आवारात उभ्या राहतात. एकाच कंपनीच्या, एकाच रंगाच्या पाच सायकलींतली आपली कोणती, हे फ्रेम नंबर आणि बिलाशिवाय कसं सिद्ध करणार? एक युक्ती म्हणजे सीटची दांडी काढून आतल्या नळीत नाव आणि मोबाइल नंबर लिहिलेली चिठ्ठी प्लास्टिकमध्ये गुंडाळून ठेवायची. चोर रंग बदलतो, स्टिकर काढतो, नळीत सहसा बघत नाही.

कुलूप कोणतं घ्यायचं?

इथे थोडं इंजिनीअरिंग येणार, सहन करा.

बाजारात दोन-अडीचशे रुपयांना मिळणारी नंबर फिरवायची केबल म्हणजे बारीक तारांचा पीळ, वर रंगीत प्लास्टिक. जाडी दिसते ती बरीचशी प्लास्टिकची. साध्या वायर कटरनेही एकेक तार करत ती कापता येते. शिवाय चार आकड्यांचे १०,००० पर्याय कागदावर ठीक वाटतात, पण स्वस्त कुलपात केबल ताणून चकत्या फिरवल्या तर बरोबर आकडा बोटाला जाणवतो. ही केबल पुढच्या चाकाला दुसरं कुलूप म्हणून वापरा, एकुलतं एक म्हणून नाही.

मागच्या चाकावर कायमचं बसवलेलं, किल्लीचं कुलूप चाक फिरू देत नाही, एवढंच त्याचं काम. सायकल उचलून टेम्पोत टाकणाऱ्याला त्याने काही फरक पडत नाही.

साखळी किंवा यू आकाराचं कुलूप घेताना कडीची जाडी बघा. कापायला लागणारं बळ कडीच्या छेदाच्या क्षेत्रफळावर अवलंबून असतं. जाडी दुप्पट झाली की क्षेत्रफळ चौपट होतं. ६ मिलिमीटरची कडी कापायला जेवढा जोर लागतो, त्याच्या साधारण चौपट १२ मिलिमीटरला लागतो, आणि तेवढा जबडा उघडणारा बोल्ट कटर शर्टाखाली लपत नाही. पोलाद कडक केलेलं आहे का, तेही विचारा. ग्राइंडरपुढे मात्र फार थोडी कुलपं टिकतात. तिथे आपला भरवसा आवाजावर आणि ठिणग्यांवर, म्हणजे शेजाऱ्यांवर.

महाग म्हणजे सुरक्षित, असंही नाही. २००४ मध्ये अमेरिकेतल्या क्रिप्टोनाइट कंपनीची नावाजलेली यू-लॉक एका साध्या बॉलपेनच्या प्लास्टिकच्या नळीने उघडतात, असे व्हिडिओ इंटरनेटवर आले. गोल किल्लीच्या भोकात पेनची नळी दाबून फिरवली की काम झालं. पोलाद उत्तम होतं, कच्चा होता तो किल्लीचा भाग. कंपनीला कुलपं बदलून द्यावी लागली. गोल नळीसारखी किल्ली असलेलं स्वस्त कुलूप दिसलं तर अजूनही टाळलेलं बरं.

आणि लावायचं कसं?

चांगलं कुलूप चुकीचं लावलं की पैसे वाया. फक्त पुढच्या चाकातून कुलूप घातलं तर चाक खांबाला राहतं आणि बाकीची सायकल जाते. विशेषतः खटका ओढून चाक सुटणाऱ्या सायकलींत हे काम दहा सेकंदांचं आहे. कुलूप मागचं चाक, फ्रेम आणि जमिनीत पक्की रोवलेली वस्तू या तिन्हींतून गेलं पाहिजे. मागचं चाक अशासाठी, की चेन, गिअर यामुळे ते काढायला किचकट आणि विकत घ्यायला महाग. कुलूप जमिनीला टेकू देऊ नका, हातोड्याला आयता ऐरण मिळतो. कुलपाच्या आत मोकळी जागा कमी ठेवा, पहार घालायला वाव राहत नाही.

खांब हलवून बघा. सायकल वरून उचलून काढता येईल इतका बुटका खांब बिनकामाचा. पावसाच्या पाण्याचा प्लास्टिकचा पाइप तर करवतीने कापतात. आणि गॅसच्या पाइपला कृपया सायकल बांधू नका.

इंजिनीअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला असताना माझी सायकल हॉस्टेलच्या पाण्याच्या पाइपला बांधलेली होती. सकाळी पाइप होता, कुलूपही होतं. पाइपचा जोड कोणीतरी खोलला होता. तळमजल्यावरच्या मुलांना त्या दिवशी अंघोळीला पाणी आलं नाही, म्हणून चोरी लवकर कळली एवढंच.

ट्रॅकर लावून उपयोग होतो का?

थोडाफार. एअरटॅगसारख्या ब्लूटूथ टॅगमध्ये जीपीएस नसतं. जवळून जाणाऱ्या फोनमार्फत तो ठिकाण कळवतो. शहरात ठीक, गावाबाहेर शंका. शिवाय अनोळखी टॅग आपल्यासोबत फिरतोय, अशी सूचना चोराच्या फोनवरही जाऊ शकते, कारण ती सोय पाठलाग रोखण्यासाठीच केली आहे. ठिकाण दिसलं तर एकटे जाऊ नका, स्क्रीनशॉट घेऊन पोलिसांना दाखवा.

जुनी सायकल घेताय?

विकणाऱ्याकडे बिल मागा आणि फ्रेम नंबर स्वतः तपासा. नंबर घासलेला, त्यावर ताजा रंग मारलेला किंवा भाव अर्ध्याहून कमी असेल तर व्यवहार सोडा. चोरीचा माल आहे हे माहीत असून, किंवा तसं वाटायला कारण असून तो घेणं हा बीएनएसच्या कलम ३१७ नुसार तीन वर्षांपर्यंतच्या शिक्षेचा गुन्हा आहे. पैसे यूपीआयने द्या, विकणाऱ्याच्या ओळखपत्राचा फोटो घ्या आणि चार ओळींची पावती फ्रेम नंबरसह लिहून घ्या. उद्या तुमच्याकडून ती सायकल चोरीला गेली, तर पोलीस ठाण्यात दाखवायला बिल म्हणून तुमच्याकडे हीच पावती असेल.