स्त्री आणि अल्पसंख्याक व्यक्तिरेखांचे चित्रण

प्रास्ताविक

ई. एम. फॉर्स्टर यांनी ‘आस्पेक्ट्स ऑफ द नॉव्हेल’ (१९२७) या ग्रंथात व्यक्तिरेखांचे सपाट आणि बहुपेडी असे दोन प्रकार मानले आहेत. सपाट व्यक्तिरेखा एका वाक्यात सांगून संपते. बहुपेडी व्यक्तिरेखा आपल्याला चकित करते आणि तरीही तिचे वागणे पटते. दुय्यम पात्र सपाट असणे हा दोष नव्हे. मात्र कथेतील पुरुष व बहुसंख्य समाजातील पात्रे बहुपेडी आणि स्त्री, मुस्लिम, ख्रिस्ती किंवा भटके-विमुक्त पात्रे तेवढी सपाट असतील, तर प्रश्न केवळ तंत्राचा राहत नाही. ज्या समाजाशी प्रत्यक्ष संबंध येत नाही, त्याची ओळख वाचकाला पुष्कळदा पुस्तकातूनच होते आणि पुढे तीच तो जिवंत माणसावर लादतो.

साचा म्हणजे काय?

कजाग सासू, ऐतिहासिक कादंबरीतील क्रूर यवन सरदार, मद्यपी ख्रिश्चन हे साचे सहज ओळखता येतात. सोशिक आई आणि दिलदार चाचा हेही साचेच आहेत, हे मात्र लवकर ध्यानात येत नाही. निंदा आणि गौरव दोन्ही त्या पात्राचा चुकण्याचा, बदलण्याचा अधिकार नाकारतात.

मराठीतील तीन उदाहरणे

बाबा पदमनजी यांच्या ‘यमुनापर्यटन’ (१८५७) या कादंबरीत विधवांच्या हकिकती येतात, त्या मुख्यतः सुधारणेच्या बाजूचा पुरावा म्हणून. हरि नारायण आपटे यांनी ‘पण लक्षात कोण घेतो?’मध्ये निवेदनच यमूच्या हाती सोपवले. तिचे बालपण, भावाशी असलेला जिव्हाळा, पतीच्या साथीने आलेले सुखाचे दिवस हे सर्व आधी येते. त्यामुळे पुढील वैधव्य हे एका परिचित व्यक्तीवरचे संकट ठरते.

उद्धव शेळके यांच्या ‘धग’मधील (१९६०) कौतिक ही वऱ्हाडातील शिंपी कुटुंबातील स्त्री. एकत्र कुटुंबातून वेगळे होण्याचा आग्रह तिचाच असतो. पुढे दारिद्र्य, पतीची निष्क्रियता आणि त्याचा महारोग यांना ती तोंड देते. ती कष्टाळू आहे तशीच हट्टी आणि तिखट जिभेची आहे. परिस्थिती तिला चिरडते. पण तिचे निर्णयही कथानकाला वळण देतात. म्हणून ती केवळ करुणेचा विषय होत नाही.

हमीद दलवाई यांची ‘इंधन’ (१९६५) ही कादंबरी कोकणातील एका गावात घडते. बरीच वर्षे बाहेर राहून परतलेला मुस्लिम निवेदक धार्मिक तणावाने पेटत जाणारे गाव पाहतो. तो पुरोगामी आहे. परंतु लेखकाने त्याला निर्दोष ठेवलेले नाही. गावातील मुसलमानही एकाच मताचे, एकाच स्वभावाचे नाहीत. समूहाच्या आतील हे भेद दिसले की कोणत्याही एका पात्रावर संपूर्ण समाजाचे प्रतिनिधित्व करण्याचे ओझे राहत नाही.

लेखनासाठी कसोट्या

१. या पात्राला स्वतःसाठी काय हवे आहे? केवळ नायकाला धीर देणे किंवा त्याचे हृदयपरिवर्तन घडवणे एवढेच त्याचे काम नाही ना?

२. त्याच्या एखाद्या निर्णयाने कथानक बदलते का?

३. त्याची भाषा त्या प्रदेशाची आहे का? कोकणातील अनेक मुस्लिम कुटुंबांत कोकणी बोली बोलली जाते. तेथील पात्राच्या तोंडी चित्रपटी हिंदी घातल्यास ते खोटे वाटते.

४. त्याची ओळख न सांगताही त्याचे वर्णन करता येते का? त्याचा व्यवसाय, सवयी, विनोदबुद्धी, कर्ज, हेवेदावे लेखकाला माहीत असावेत.

मग परक्या समूहाविषयी लिहूच नये काय? दलित साहित्याने स्वानुभवाचे मोल ठामपणे मांडले आणि ते नाकारता येणार नाही. तथापि आपटे यांनी यमू उभी केली, हेही खरे. अनुभव स्वतःचा नसेल तेव्हा निरीक्षणाची आणि ऐकून घेण्याची जबाबदारी वाढते, असा याचा अर्थ घ्यावा.

सारांश

ओळख हा व्यक्तिरेखेचा एक पेड आहे. ती जगण्याच्या संधी व मर्यादा ठरवते, म्हणून ती पुसून टाकू नये. आणि तीच सर्वस्व मानू नये.

स्वयं-अध्ययन प्रश्न

१. गौरव करणारा साचाही सदोष का ठरतो, ते सोदाहरण स्पष्ट करा.

२. आपल्या कामाच्या ठिकाणच्या, आपल्याहून वेगळ्या समाजातील एखाद्या व्यक्तीवरून सुचलेली काल्पनिक व्यक्तिरेखा जात-धर्माचा उल्लेख न करता दहा ओळींत रेखाटा.